तिसऱ्या भरतीचं मानस

आमच्याकडे मानस म्हणजे मन नव्हे.
बांधाला असतं ते, माट्टीच्या लाकडाचं दार,
ओहोटीला आपसूक उघडतं, भरतीला मिटतं.
खारं बाहेर, भात आत.

पण मी सांगतोय त्या चोडणात
भरत्या दिवसाला तीन.
दोन पाण्याच्या. तिसरी मध्यरात्रीनंतर, कोरडी,
खाजणावरून सरकत येते. गवत हलत नाही,
कुत्री मात्र उठून उभी राहतात.

शाबी च्यारीनं तिच्यासाठी वेगळं मानस केलं.
तळव्याएवढं. झडपा खिडकीच्या शिंपल्यांच्या,
बिजागरी काशाची, दोरी काथ्याची.
कानामागे बांधायचं, गाठ हनुवटीखाली.
मग तिसरी भरती आत शिरते
आणि डोक्यात असेल नसेल ते फुगतं,
भिजत घातलेल्या चण्यासारखं.

भिकू पाग्याला मेलेल्या भावाच्या शिव्या आठवल्या,
सगळ्या, चालीसकट. आठवडाभर खूश होता.
आवेलीनबायनं एका रात्रीत शोधून काढलं
विहिरीच्या पाण्याला चव कशाची ते,
आणि सकाळी कुणाला सांगितलं नाही.

मी गावकारीचा कारकून.
त्या साली तेरा कुडव भात हिशेबातून गळालं होतं.
गळती शोधायला मानस मिळालं,
एका रात्रीपुरतं, सही घेऊन.

पहिला तास बरा गेला.
बेरजा घंटेसारख्या वाजत होत्या.
उंदरांनी नेलेले दोन कुडव दिसले, बिळासकट.
मापाच्या बुडात ठोकलेली चकती दिसली. तीन कुडव.
उरले आठ.

आठ माझे.
पियेदादच्या वाट्यातले,
तिचा नवरा बुडाला त्या मोसमातले.
नवाची एक रेघ खरवडली की एक होतो.
एवढंच केलं होतं मी, पाटीच्या कडेनं,
आणि वहीवर फुंकर मारली होती.

ती फुंकर आता वारा झाली.
खोलीत मावेना. बांध ओलांडून गेली.
पियेदादच्या चुलीवर जाऊन थांबली
आणि मला एकेक रात्र दिसू लागली:
पेजेत पाणी किती, शितं किती,
पोराला कुठल्या रात्री ती म्हणाली,
मला भूक नाही रे.
झडपा दाबल्या. मिटेनात.
गाठ ओढली तर ओल्या काथ्यासारखी
आणखी घट्ट.

सकाळी शाबीकडे गेलो. तो रंधा मारत होता.
वर न बघता म्हणाला,
मोठं करायला काय, कुणीही करील.
लहान करणारं जमत नाही अजून.
बारा वर्षं झाली.

मानसाच्या तोंडाला जाळं असतं
आणि जाळ्यातल्या ऐवजाची पावणी होते.
बांधावरच्या मानसाची होते, तशीच याचीही.
त्या साली फेरीच्या धक्क्यावर मांडलं होतं:
कुणाचं तरी अर्धं यमक,
कुणाची तरी हंसांची भीती,
आणि माझे आठ कुडव, केळीच्या पानावर,
अजून तडफडणारे. नाव लिहिलेलं नव्हतं.

साडेसात, पियेदाद म्हणाली.
लोक हसले. आकडाच तसला.
वर कुणी चढलं नाही.
फडक्यात बांधून घेऊन गेली.

मे महिन्यात तिनं पुरुमेंत भरला.
सुकी सुंगटं, सोलं, खडेमीठ,
आणि बरणीत तळाशी ते.
मी कुंपणावरून पाहिलं. तिनंही मला पाहिलं,
झाकण लावता लावता.

आज संध्याकाळी तिचा पोरगा आला.
हातात वाटी, वर ताटली झाकलेली.
आईनं पाठवलंय. वाटी आताच परत पाहिजे.

तो पायरीवर बसलाय, पाय हलवत.
मी टेबलाशी. दिवा लावला, मग मोठा केला.
तिसऱ्या भरतीला पुष्कळ वेळ आहे अजून.
ताटलीच्या कडेनं वाफ येतेय,
आणि बाहेर कुत्री
उठून उभी राहिली आहेत.